जुन्या गोव्यात माणसं विकली जायची, तिथं एक साधी पाटी का नाही?

रायबंदरची_बाई:

नमस्कार मंडळी, थेटच विचारते. जुन्या गोव्यात सांता कातारिनाच्या कपेलाजवळ दगडात कोरलेला लेख आहे, पोर्तुगीज सेनापती अल्बुकर्क २५ नोव्हेंबर १५१० ला इथल्या दरवाजातून शहरात शिरला म्हणून. दिवाडीच्या फेरीधक्क्याकडून वर आलं की व्हाइसरॉयची कमान, तिच्यावर वास्को द गामा उभा. म्युझियममध्ये व्हाइसरॉय आणि गव्हर्नरांची तैलचित्रं ओळीनं लावलेली, एकेकाचं नाव, सालासकट. आणि त्याच कमानीपासून वर जो रस्ता जायचा, रुआ दिरेइता, जिथं सोळाव्या-सतराव्या शतकात माणसं उभी करून लिलावात विकत होते, तिथं काय आहे? मला तरी अजून एक पाटी दिसलेली नाही. गाईड लोक बोलत नाहीत, शाळेच्या पुस्तकात एखादी ओळ, संपलं.

मी शाळेत इतिहास शिकवते. आमच्या मुलांना इन्क्विझिशन माहीत आहे, १५६० ते १८१२. कुंकळ्ळीचा १५८३ चा उठाव माहीत आहे, आता तो अभ्यासक्रमातही आलाय आणि यावाच. १८ जून १९४६, लोहिया, मडगावची सभा, १९ डिसेंबर १९६१, हे सगळं तोंडपाठ. पण मोझांबिकहून जहाजात घालून आणलेली माणसं या शहरात होती, त्यांनी इथं पाणी भरलं, पालख्या वाहिल्या, मुलं वाढवली आणि इथंच मेली, हे सांगितलं की मुलं माझ्याकडे असं बघतात की मी आफ्रिकेचा धडा चुकून गोव्याच्या तासाला काढलाय.

नोव्हेंबर २०२४ ते जानेवारी २०२५ सायबाचं, म्हणजे सेंट फ्रान्सिस झेवियरचं, शवप्रदर्शन झालं तेव्हा किती लाख लोक त्या रस्त्यावरून चालत गेले असतील. त्यातल्या कितीजणांना कळलं असेल पायाखाली काय आहे?

मला दोन गोष्टी हव्यात. एक म्हणजे मुलांना नेऊन दाखवता येतील अशा जागा, नुसतं वर्गात बोलून होत नाही. आणि दुसरं, तुम्हाला काय वाटतं, आपण गोंयकार हे विसरलो का, की कधी आठवणीत घेतलंच नव्हतं? माझं मत आधीच सांगून टाकते. देवळं पाडली त्यांचे भक्त आहेत, महाजन आहेत, ते विचारतात. स्वातंत्र्यसैनिकांची घरं आहेत, ती विचारतात. विकल्या गेलेल्या माणसाच्या मागं विचारणारं कोण राहिलं? बाप्तिस्मा देऊन नाव बदललं, पुढं आडनावही मालकाचं लागलं, दोन-तीन पिढ्यांत कुणाचं कोण ते कळायचा मार्ग बंद झाला. म्हणून मला वाटतं ते काम आता या शहरात राहणाऱ्यांचंच आहे, आपलं.


दिवाडी_धक्का:

बाई, जागा आहेत. मी लहानपणापासून त्या धक्क्यावरून ये-जा करतोय त्यामुळे पायाखालचा रस्ता आहे, सांगतो.

सुरुवात कमानीपासूनच करा. लिन्शोटेन नावाचा डच माणूस १५८३ ते १५८८ इथं होता, आर्चबिशपच्या पदरी नोकरीला. त्यानं या रस्त्यावरच्या सकाळच्या बाजाराचं वर्णन लिहून ठेवलंय आणि त्याच्या प्रवासवर्णनात त्याचं चित्रही आहे. रविवार आणि सणवार सोडून रोज, सातच्या सुमारास सुरू, ऊन चढायच्या आत नऊपर्यंत आटोपायचं. अरबी घोडे, दागिने, गालिचे, मेलेल्या माणसाच्या घरातलं सामानसुमान, आणि त्याच लिलावात माणसं. वीसेक वर्षांनी पिरार्द नावाचा फ्रेंच आला, त्यानंही तेच पाहिलं, विकायला उभ्या केलेल्या मुलींना शिवणकाम येतं, मिठाई करता येते, गाता येतं असं ओरडून सांगत होते म्हणे, आणि कुमारी असेल तर भाव जास्त. मुलांना किती सांगायचं ते तुम्ही ठरवा, पण नववीच्या मुलींना हे कळायला हवं असं मला वाटतं.

कुठून आणायचे तर सगळ्यांना वाटतं फक्त आफ्रिका. मोझांबिक मोठा रस्ता होताच, पावसाळी वाऱ्यावर जहाजं यायची, हस्तिदंत, सोनं आणि माणसं. पण बंगालमधून मघ, म्हणजे आराकानी, आणि फिरंगी चाचे गावंच्या गावं उचलून विकत, मलबारातून, जावा, चीन, जपानपर्यंतची माणसं इथं विकली गेली. जपानी माणसांना गुलाम करू नका असा पोर्तुगालच्या राजानं १५७० च्या सुमारास कायदा काढला तरी व्यापार चालूच राहिला. आणि दुष्काळात आईबापांनी विकलेली आपल्याच मुलखातली मुलंही होती, हे मुद्दाम सांगा, नाहीतर मुलांना वाटतं ही कुठल्या लांबच्या लोकांची गोष्ट.

मग बायंगिणीला न्या. आज बायंगिणी म्हटलं की कचरा प्रकल्पाचा वाद तेवढा आठवतो, पण त्या वेळी शहराचं प्यायचं पाणी तिथल्या झऱ्याचं. गुलाम मडकी भरून डोक्यावरून आणायचे, शहरात विकायचे आणि संध्याकाळी पैसे मालकाच्या हातात. काही मालकिणींचं घर तर गुलाम बायकांच्या कमाईवर चालायचं, मुरंबे, लोणची, भरतकाम करून रस्त्यावर विकायला पाठवायचं. म्हणजे गरीब घरातसुद्धा एक-दोन गुलाम, श्रीमंतांकडे किती ते विचारूच नका, पालखी वाहणारे वेगळे, डोक्यावर छत्री धरणारा वेगळा. आणि हे घरादारापुरतं नव्हतं, चर्चच्या संस्थांकडेही गुलाम होते. सांता मोनिकाचा मठ आहे ना, आता तिथं ख्रिस्ती कलेचं म्युझियम आहे, तिथल्या नन्सच्या सेवेला गुलाम बायका होत्या. म्युझियम बघायला सुंदरच आहे, जरूर न्या, फक्त तिथं उभं राहून हेही सांगा.

हातकातरो खांबही दाखवा. फोंड्याच्या रस्त्याच्या बाजूला आहे, बसमधून जाताना दिसतो. तो जुन्या देवळाचा काळा दगडी खांब, पोर्तुगिजांनी शिक्षेसाठी वापरलेला, लोक म्हणतात धर्म न बदलणाऱ्यांचे हात तिथं कापले. पण त्यांच्या प्रत्येक शहरात असा शिक्षेचा खांब असायचा आणि भर चौकात गुलामांनाही फटके बसायचे, हा भाग आपण सोडून देतो.

आणि संपलं कधी ते सांगताना घाई करू नका. १८३६ ला गुलामांच्या ने-आणीवर बंदी आली. गुलामगिरी रद्द झाल्याचा हुकूम निघाला १८६९ ला, आणि त्यातही अट अशी की सुटलेल्यांनी १८७८ पर्यंत मालकाकडेच राबायचं. आता मराठी माणसाला हे लावून बघा. जोतिरावांनी 'गुलामगिरी' काढलं १८७३ मध्ये, अमेरिकेत निग्रो दास मुक्त करणाऱ्या लोकांना अर्पण केलं. पुण्यात बसून ते अमेरिकेकडे बघत होते तेव्हा इकडं पोर्तुगिजांच्या मुलखात कागदावर सुटलेली माणसं त्या अटीखाली होती. हा धागा मराठी शाळेत जोडता येतो की.


साखळीकर_७२:

बाई, तुमच्याबद्दल आदर ठेवून लिहितो, रागावू नका. आमची साखळी, डिचोली, सत्तरी पोर्तुगिजांकडे गेली ती १७८० नंतर. पेडणं १७८८. आमच्या वाडवडलांनी ना तो रस्ता पाहिला, ना तो बाजार. आमच्याकडे आठवण आहे ती राण्यांच्या बंडांची, दीपाजी राणे १८५२, दादा राणे १८९५. आणि दिवाडीवरून नार्व्याला आणलेल्या सप्तकोटेश्वराची, शिवाजी महाराजांनी १६६८ ला देऊळ बांधून दिलं त्याची.

किती वर्षं या गोष्टी कुणी बोलत नव्हतं. बाहेरून आलेला टुरिस्ट पणजीच्या फोन्तेन्यासमध्ये रंगीत घरांपुढे फोटो काढतो, फादो गाणी ऐकतो, आणि म्हणतो व्वा किती छान पोर्तुगीज गोवा. आत्ता कुठं पाडलेल्या देवळांचा विषय सरकारपर्यंत पोचला, २०२२ च्या बजेटात त्यासाठी २० कोटी ठेवले. आमची जखम अजून नीट मांडूनसुद्धा झालेली नाही तेवढ्यात तुम्ही म्हणता आता आफ्रिकनांचंही बघा. माझा विरोध नाही हो, पण भीती वाटते की परत सगळ्यांचंच झालं, सगळेच दुःखी होते, असं करून आमचं बोलणं मागं पडेल. हे असं पूर्वी झालंय म्हणून बोलतो.


हल्याळचा_सिद्दी:

मी कर्नाटकातल्या हल्याळ तालुक्यातला, स्वतः सिद्दी. आमच्याकडे मराठी बोलणारे पुष्कळ, मी सातवीपर्यंत मराठी शाळेतच होतो म्हणून इथं वाचत असतो, लिहीत कधी नाही. आज लिहितो.

बाईंनी विचारलंय की विचारणारं कोण राहिलं. आम्ही राहिलो ना. हल्याळ, यल्लापूर, अंकोला, मुंडगोड, या जंगलात आमची गावं आहेत. सगळे सिद्दी गोव्यातूनच आले असं नाही, विजापूरकडून आलेलेही आहेत, पण आमच्या घरात जुनी माणसं सांगायची ती गोष्ट एकच, फिरंग्याच्या घरातून पळाले, घाट चढले, रानात राहिले. घाट चढला की फिरंग्याचं राज्य संपायचं. आमच्यात हिंदू आहेत, ख्रिश्चन आहेत, मुसलमान आहेत, घरात बोलतो ती कोकणी. विचार करा, आफ्रिकेतून आलेल्या माणसाच्या नातवंडांच्या तोंडात कोकणी कुठून आली? ती गोव्यातूनच बरोबर आणली आमच्या लोकांनी. सणाला दमाम वाजवतो आम्ही, तो ढोल आमचा.

मराठी माणसाला सिद्दी म्हटलं की जंजिरा आठवतो, मग थोडं वाचन असेल तर मलिक अंबर, हबसाणातून, म्हणजे इथिओपियातून, विकत आणलेला मुलगा निजामशाहीचा कारभारी झाला, १६१० मध्ये खडकी वसवली जिचं पुढं औरंगाबाद झालं. त्यांचा अभिमान आहेच आम्हाला. पण ज्यांना किल्लाही मिळाला नाही आणि तलवारही, ते आम्ही. आम्हाला २००३ मध्ये कर्नाटकात एसटीचा, म्हणजे अनुसूचित जमातीचा, दर्जा मिळाला. २०२० मध्ये शांताराम सिद्दी विधान परिषदेवर गेले, आमच्यातला पहिला माणूस. आणि गंमत नाही खरंच सांगतो, तुमच्या गोव्याच्या एसटीच्या यादीत सिद्दी हे नाव १९६८ पासून आहे, गावडा, कुणबी, वेळीप त्यात यायच्या कितीतरी आधी. सरकारी कागदाला आम्ही माहीत आहोत.

मी कामासाठी पणजी-म्हापशाला काही काळ होतो. भाड्याची खोली बघायला गेलो की पहिला प्रश्न, नायजेरियन का? कोकणीत बोललो तर माणूस आधी दचकतो, मग आधार कार्ड मागतो. २०१३ मध्ये एका नायजेरियन माणसाच्या खुनानंतर त्यांच्या लोकांनी पर्वरीला हायवे अडवला होता, त्यानंतर बरेच दिवस मला बसमध्ये शेजारी कोणी बसत नव्हतं. मी त्यांच्यातला नाही हे सांगत बसायचं नाही असं मी तेव्हाच ठरवलं. त्यांना तसं वागवायचं का म्हणून?

साखळीकर दादा, तुमच्या देवळाचं दुःख लहान आहे असं मी कधीच म्हणणार नाही. पण तुमचा देव नदीपलीकडे नेला आणि तिथं पुन्हा बसवला, तुम्हाला जागा माहीत आहे, वर्ष माहीत आहे. माझ्या पणज्याच्या पणज्याचं खरं नाव काय होतं ते मला कुठंच सापडणार नाही. म्हणून आमची एक पाटी लागली तर तुमचं काही कमी होईल असं मला वाटत नाही.

आमच्या ख्रिश्चन सिद्दींची घरं सायबाच्या फेस्ताला येतात जुन्या गोव्याला, बस करून. मी पण आलो होतो. त्या कमानीच्या आतल्या बाजूला एक बाई आहे कोरलेली, तिच्या पायाखाली एक माणूस आडवा पडलाय. लोक म्हणतात तो आदिलशहा. मी बराच वेळ बघत बसलो त्याच्याकडे.


लिस्बनवाला_गोंयकार:

मी मूळ ताळगावचा, आता बरीच वर्षं लिस्बनला. इकडचं थोडं सांगतो म्हणजे तुलनेला बरं.

पोर्तुगालच्या दक्षिणेला लागोस म्हणून बंदर आहे, आपल्यासारखंच समुद्र, टुरिस्ट, मासे. १४४४ मध्ये आफ्रिकेतून आणलेल्या माणसांची मोठी वाटणी तिथं उघड्यावर झाली. २००९ मध्ये पार्किंग बांधायला खणत होते तर दीडशेवर सांगाडे निघाले, आफ्रिकन गुलामांचे, काहींचे हात बांधल्यासारखे, कचऱ्याच्या जागेत टाकलेले. त्यानंतर शहराला गप्प बसणं जड गेलं. जुन्या बाजाराच्या इमारतीत २०१६ मध्ये गुलामगिरीवरचं छोटं म्युझियम केलं. तरीपण पार्किंग झालंच. आणि लिस्बनमध्ये २०१७ ला लोकांनी नगरपालिकेच्या मतदानातून गुलामगिरीचं स्मारक मागून घेतलं, डिझाइन ठरलं, मग जागेवरून, परवानगीवरून वर्षानुवर्षं रखडलं. नदीकाठी शोध लावणाऱ्या दर्यावर्दींचं स्मारक मात्र केवढं मोठं उभं आहे.

इथं शाळेत अजून शोधांचं युग असंच शिकवतात. माझी मुलगी तेच शिकून घरी येते आणि मी तिला सांगतो की त्या जहाजांच्या दुसऱ्या टोकाला तुझ्या आजोबांचं गाव आहे. मोझांबिक बेटावर, जिथून आपल्याकडे माणसं भरून पाठवायचे, तिथं त्यांच्या आठवणीची बाग केलीय. झांझिबारला बाजाराच्या जागी चर्च आहे आणि बाहेर खड्ड्यात साखळदंडातली दगडी माणसं, बघून पोटात कालवतं. म्हणजे पाठवणाऱ्या बंदरात आठवण आहे, मालकाच्या देशात अर्धीमुर्धी आहे, आणि जिथं उतरवली त्या गोव्यात काहीच नाही. हे मला इथं बसून फार लागतं.


मोडीवाचक:

मी मोडी वाचतो, जुन्या कागदांत बसायची सवय आहे, त्यामुळे एक गोष्ट मांडल्याशिवाय राहवत नाही, कुणाला कडू लागली तरी. वर सगळे बोलतायत त्यात गुलाम विकणारा पोर्तुगीज आणि विकला जाणारा आफ्रिकन. मधला माणूस कुठं गेला?

पणजीत जुन्या सेक्रेटरिएटसमोर म्हामाई कामतांचं घर आहे. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात हे घराणं मोठं व्यापारी आणि दलाल, फ्रेंचांचंही काम बघायचं. त्यांचे कागद जपून राहिले, मोडी, पोर्तुगीज, फ्रेंच, सगळ्या भाषांतले, अभ्यासकांसाठी खुले झाले हे त्या घराचे उपकारच म्हणायचे, किती घरांनी असले कागद जाळून टाकले असतील. त्याच कागदांवरून १७७३ ते १७९१ या काळात फ्रेंच लोक गोव्यातून मॉरिशसकडे गुलाम कसे नेत होते त्याचा इतिहास लिहिला गेलाय. आजच्या वारसांना बोल लावायचा प्रश्नच नाही. पण दीवच्या वाण्यांचं कापड मोझांबिकला जायचं आणि त्या बदल्यात हस्तिदंताबरोबर माणसं यायची, हिशेब गुजरातीत, आपल्याकडचे मोडीत. व्यापार एकट्या पोर्तुगिजाला झेपणारा नव्हता.

म्हापशाचा मानुएल आंतोनियु द सौझा हे नाव किती जणांना माहीत आहे? जन्म १८३५, अस्सल गोंयकार. मोझांबिकला गेला, झांबेझीच्या खोऱ्यात हस्तिदंताच्या शिकारीतून वर आला, लोक त्याला गोवेया म्हणत, हाताखाली हजारोंची खासगी फौज, त्यातले पुष्कळ गुलाम. १८९२ मध्ये मारला गेला. तिकडच्या इतिहासात त्याच्यावर पानंच्या पानं आहेत, म्हापशात काही नाही. चांगला म्हणून नव्हे, पण तो आपल्यातून गेला हे माहीत तरी असावं.

आणि सीमेपलीकडचं, म्हणजे आपल्या मराठी राज्याचं. पेशवाईत कुणबिणी, म्हणजे विकत घेता येणाऱ्या दासी, होत्या. सरकारी कोठ्यांत, पागांत, सरदारांच्या घरी, विकत घेतलेल्या, बक्षीस दिलेल्या, व्यभिचाराचा आळ घेऊन सरकारात जमा केलेल्या. म्हातारी झाली की पैसे भरून सोडवून घ्यायची सोय, तेही नातेवाईक असले तर. दफ्तरात नावं आहेत त्यांची, किमतीसकट. पोर्तुगिजांकडे तर वर उलटा कायदा होता, बिगरख्रिस्ती मालकाचा गुलाम ख्रिस्ती झाला की त्याला सोडायचं. म्हणजे हिंदू आणि मुसलमान मालक होते म्हणूनच तो कायदा लागला ना. दया म्हणून केला नाही तो, धर्म वाढवायला केला, पण त्यातून आपल्या लोकांच्या घरातलंही दिसतं.

साखळीकर, तुम्ही म्हणता आमच्या वाडवडलांनी बाजार पाहिला नाही. नसेल पाहिला. पण घरात राबणारं विकत घेतलेलं माणूस नवीन काबिजादीतल्या, म्हणजे पोर्तुगिजांकडे उशिरा गेलेल्या तुमच्या मुलखातल्या, देसायांच्या वाड्यांना काही अपरिचित नव्हतं. मी हे आरोप म्हणून लिहीत नाही. जुन्या गोव्यात पाटी लावायची तर त्यावर 'पोर्तुगिजांनी केलं' एवढंच लिहून सुटका करून घेऊ नये, एवढंच माझं म्हणणं.


साखळीकर_७२:

मोडीवाचक, वाचलं. पटायला वेळ लागेल पण कागद आहेत म्हटल्यावर मी वाद घालणार नाही. हल्याळच्या दादांचं वाचून मात्र रात्री झोप नीट लागली नाही, खरं सांगतो. बसमध्ये शेजारी कोणी बसत नाही ही गोष्ट १६०० सालातली नाही, ती आमच्याच काळातली आहे.

आमच्या गावात सीमेवर एक राखणदार आहे, खापऱ्या म्हणतो आम्ही त्याला. रोट, विडी, थोडी सोरो, म्हणजे दारू, ठेवतात. आजी म्हणायची तो काळा, उंच, परक्या मुलखातून आलेला, रात्री गाव राखतो. तो कोण असेल असं लहानपणी कधी डोक्यात आलं नाही, आम्ही नुसते पाया पडायचो. मी काही अभ्यासक नाही त्यामुळे याच्यापुढं काही म्हणत नाही, पण बाई, तुमच्या प्रश्नाच्या दुसऱ्या भागाचं, आठवणीत होतं की नव्हतं त्याचं, अर्धं उत्तर कदाचित गावांत मिळेल. शहरात शोधताय तुम्ही.

माझी अट म्हणा, विनंती म्हणा, एकच. मुलांना नार्व्यालाही न्या. दोन्ही दाखवा, एकाच दिवशी.


रायबंदरची_बाई:

सगळ्यांचे मनापासून आभार. मी एवढ्या उत्तरांची अपेक्षा केली नव्हती. साखळीकर, नार्वे नक्की, दिवाडीवरूनच पलीकडे जायचं म्हणजे वाटेतच आहे आणि तुमचं म्हणणं मला मनापासून पटतं, एक दाखवायला दुसरं झाकायचं असं माझ्या डोक्यात कधीच नव्हतं.

आता कामाचं बोलते. आम्ही शिक्षकांनी बसून पाटीचा मजकूर करून पाहिला, मराठी आणि कोकणी दोन्हीत. मराठीतला असा: 'या रस्त्यावर सोळाव्या आणि सतराव्या शतकात माणसांचा लिलाव होत असे. मोझांबिक, बंगाल, मलबार, जावा, चीन, जपान आणि आसपासच्या मुलखातून आणलेली मुलं, बायका, पुरुष इथं विकले गेले. विकत घेणाऱ्यांत पोर्तुगीज होते, चर्चच्या संस्था होत्या आणि इथले व्यापारीही होते. काही जण पळून घाट चढले. त्यांचे वंशज आजही आहेत.' शेवटचं वाक्य हल्याळच्या दादांमुळे आलं. त्यांना चालेल का ते आधी विचारते, मगच पुढं जाईन.

दोन अडचणी. तिथं काही लावायला परवानगी कुणाची, आणि मुलांना एखादा खरा कागद बघायला मिळेल का. फोटोतलं नको, समोर ठेवलेला. आणि दादा, तुम्ही याल का शाळेत? संकोच वाटत असेल तर नाही म्हणा, वाईट वाटणार नाही. बोलावतेय ते मुलांना कुणाला तरी दाखवायला म्हणून नाही. तुमची भाषा, तुमचा दमाम, तुमचं जंगल, तुम्हाला जे सांगावंसं वाटेल ते.


दिवाडी_धक्का:

परवानगी पुरातत्त्व खात्याची, केंद्राच्या. संरक्षित वास्तूपासून १०० मीटर पूर्ण मनाई, त्यापुढचे २०० मीटर परवानगीनं, आणि जुनं गोवं तर १९८६ पासून जागतिक वारसा, शिवाय वास्तू एकमेकींना लागून, हद्दी एकमेकींवर चढलेल्या. शाळेनं स्वतःहून खांब रोवायला गेलात तर दुसऱ्या दिवशी काढतील आणि मग विषयच बदनाम होईल. त्यापेक्षा खात्याच्या गोवा सर्कलला लेखी अर्ज करा की तुमच्याच माहितीफलकावर हा मजकूर घाला, त्याबरोबर ग्रामपंचायतीचा ठराव जोडा. ठरावासाठी ग्रामसभेत बोलावं लागेल, मी येतो, आणखी चारजण आणतो. उत्तर यायला वेळ लागेल, तोवर शाळेच्या भिंतीवर लावा, तिथं कुणाची परवानगी लागत नाही.

कागदाचं, पणजीच्या पुराभिलेख खात्यात विचारा. गुलामांना मुक्त केल्याची पत्रं तिथं आहेत, सतराव्या-अठराव्या शतकातली, पोर्तुगिजांनी नोंदवून ठेवलेली. मालकाचं नाव, गुलामाचं बाप्तिस्म्याचं नाव, का सोडलं ते. शाळेच्या लेटरहेडवर आधी पत्र द्या आणि मुलं थोडी न्या, दहा-बारा, एकदम पन्नास नेली तर ते नाही म्हणतील आणि ते बरोबरच आहे, कागद फार नाजूक झालेत.


हल्याळचा_सिद्दी:

मजकूर चांगला आहे. फक्त 'त्यांचे वंशज आजही आहेत' याच्या पुढं आम्ही कुठं आहोत ते लिहा. उत्तर कन्नड जिल्ह्यात हल्याळ, यल्लापूर, अंकोला, मुंडगोड. नाहीतर वाचणारा समजेल कुठंतरी असतील.

येतो मी. शनिवार असेल तर बरं, रविवारी आमच्याकडे घरची कामं असतात. दमाम वाजवणारे दोघं बरोबर आणतो, बसभाड्याचं तेवढं बघा. आणि बाई, पुराभिलेखात जाल त्या दिवशी मलाही बोलवा. ती मुक्तिपत्रं मला बघायची आहेत.